कुरडयांचं मुकं भांडण

वहिनी, काल तुझी तेरवी झाली. वरणात मीठ कमी पडलं होतं आणि बुंदी जरा कडक झाली होती. हे आधीच सांगून टाकते, कारण दुसरं काही सांगायला बसले की तू मधेच विचारणार, "ते राहू दे, सयपाक कसा झाल्ता?" माणसं पोटभर जेवली. तुझ्या माहेरचे दोघे तर तिसऱ्यांदा वाढून घेत होते. झालं समाधान? आता गप बसून ऐक.

मला तुझा राग आलेला आहे. चांगली धडधाकट बाई, आठ दिवसांच्या तापात उठून जाते म्हणजे काय? मी चिखलीहून एसटीने देऊळघाटला येईपर्यंतसुद्धा तुला धीर धरवला नाही. आयुष्यभर मला म्हणालीस, "मालू, तुले लय घाई." आणि स्वतः मात्र पुढच्या दाराने निघून गेलीस.

तू गेल्यावर दहाव्याच दिवशी दादाने कुसुमच्या लग्नाचं काढलं. तुझ्या नवऱ्याला मी वाईट म्हणत नाही, माझा सख्खा भाऊच आहे. पण रीत पुढे केली की त्याच्यापुढे कोणाचं चालत नाही. म्हणाला, घरात गमी झाली की वर्षाच्या आत शुभकार्य करावं लागतं. चिखलीचं स्थळ तयार आहे. मुलगा चांगला, घर चांगलं, चार महिन्यांत उरकून टाकू. तुझी लेक पी.यू.सी. झालेली, अमरावतीला बी.एस्सी.ला जायचं म्हणून फॉर्म उशाखाली घेऊन झोपणारी. फॉर्म भरायची मुदत शनिवारपर्यंत. ती माझ्याकडे आली, "आत्या, तू बोल न बाबाले." मी बोलले. दादा म्हणाला, "तू मधात पडू नको." चिखलीच्या शाळेत साठ पोरी माझ्या एका नजरेने गप होतात, आणि माझ्याच घरात मी मधात पडू नको.

अशा वेळी तू लागतेस. नेमकी तूच नाहीस.

आणि त्यातच कुसुमने दुसरं काढलं. तेरवीच्या संध्याकाळी, पाहुणे गेले की आपली घरच्या सिनेमाची रिळं लावायची. पहिलं रीळ आधी. आईला बघायचं आहे, म्हणाली. आता पहिल्या रिळात काय आहे ते सगळ्या घराला पाठ आहे, पण काय नाही ते फक्त तुला, मला आणि मायला ठाऊक होतं. माय तीन वर्षांपूर्वी गेली, तू आता गेलीस. राहिले मी. तेव्हा काल दिवसभर पंगती वाढताना माझ्या डोक्यात एकच होतं, की बोलू की नको.

अकरा वर्षं झाली त्या गोष्टीला. नवरा गेल्यावर मी माहेरी परत आले, ट्रेनिंग केलं, चिखलीला शाळेत लागले. तेव्हा मी सव्वीस वर्षांची होते. बुलडाण्याच्या फोटो स्टुडिओत एक चावीचा सिनेमा-कॅमेरा विकायला होता, मुठीत मावेल एवढा. तो मी घेतला. माय म्हणाली, सोन्याच्या बांगड्या करायच्या सोडून पोरीने डबी आणली. तू मात्र ती डबी हातात घेऊन, उलटी करून, कानाला लावून पाहिलीस. मग मला विचारलंस, "यात आपलं घर मावन का?"

पहिल्या दिवशी काय झालं होतं, आठवतं? मी सांगितलं, रोज करता तसं करा. तुम्ही सगळे अंगणात एका रांगेत उभे. दादा फेटा बांधून, माय मधोमध, तू जरीचं लुगडं नेसून, कुसुम कडेला. कोणी पापणी हलवेना. मी ओरडते आहे, हला, चाला, आणि तू ओठ न हलवता मला म्हणतेस, "हाललो तं फोटो बिघडन न." पहिलं अर्धं रीळ तसलंच आहे. घरातला एकच जिवंत प्राणी त्यात हलतो, तो म्हणजे मागची म्हैस.

उरलेलं अर्धं रीळ मी दोन दिवसांनी कुरडयांच्या वेळी काढलं. चैत्रातलं ऊन. अंगणात चुलीवर चीक शिजत होता, माय लाकडी दांड्याने तो घोटत होती. तू बाजेवर धोतर अंथरून सोऱ्याने कुरडया पाडत होतीस. दादा वावरात गेलेला. मी चावी भरली आणि कॅमेरा डोळ्याला लावला. मला गव्हाच्या चिकाचा पांढरा रंग आणि तुमचे दोघींचे हात पाहिजे होते.

माय घोटता घोटता म्हणाली, "बीबी गावचा मानूस आठ दिसानं येते. मालूचा पाट लावून देऊ. तिले आत्ताच नोको सांगू." मी चार हातांवर उभी होते. पण कॅमेरा डोळ्याला लावलेलं माणूस मायला माणूस वाटतच नव्हतं.

माझ्या दुसऱ्या लग्नासाठी पाहिलेला तो माणूस वाईट नव्हता. बायको वारलेली, दोन लेकरं, जमीन-जुमला. मला नको होता एवढंच. मला शाळा पाहिजे होती, चिखलीची माझी खोली पाहिजे होती, आणि हो, ती डबी पाहिजे होती. पण मायपुढे तोंड उघडायची माझी हिंमत नव्हती. कॅमेऱ्यामागे मी तशीच उभी राहिले. बोट चापावर होतं, ते सुटलं नाही.

तू सोऱ्या खाली ठेवलास.

"तिले इचारलं का तुमी?"

"इचाराचं काय त्यात? जिनगानी एकटी काढन का ते?"

"एकटी कुठी हाय? मी मेली का?"

मायचा दांडा थांबला. सुनेने असं बोलायची रीत नव्हती आपल्या घरात. तू कपाळावरचा घाम पुसलास, कपाळाला चीक लागला, आणि तू सरळ कॅमेऱ्यात पाहिलंस. माझ्याकडे नाही हं, कॅमेऱ्यात. आणि सावकाश, एकेक शब्द सुटा करून बोललीस, तलाठ्यापुढे जबाब द्यावा तशी: "मालूच्या मर्जीबिगर तिचा पाट लागनार नाई. मी सुभद्रा सांगून राह्यली. अन् तू बंद नोको करू, मालू. काढ. उद्या घरचे म्हनतीन मी बोललीच नाई."

तिथे चावी संपली. कॅमेरा खर्रकन थांबला. तू विचारलंस, "आला का आवाज?"

वहिनी, त्या कॅमेऱ्यात आवाज येत नाही. तो मुका होता, मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. तुला सांगायचं राहून गेलं होतं, आणि घरात इतर कोणाला विचारायचं सुचलं नव्हतं. तू दमलेली, छाती वरखाली होते आहे, कपाळावर चीक वाळत आलेला. मी म्हणाले, "हो. सगळा आला."

एवढीच खोटी गोष्ट मी तुझ्याशी बोलले. बाकीच्या मी दादाशी बोलले आहे, त्या वेगळ्या.

आणि त्या खोट्याने काय केलं ते बघ. तू दोन दिवस घरभर ठसक्यात फिरलीस. मायला म्हणालीस, "तुमचंही बोलनं डबीत हाय अन् माहंही. मुंबईले गेलं की धुऊन येते. मंग गावाले ऐकू येईन." मायला रात्री झोप लागेना. तिला वाटलं, देऊळघाटच्या चावडीवर तिचा आवाज वाजणार, की विधवा लेकीला न विचारता हिने पाट ठरवला. तिसऱ्या दिवशी सकाळी तिने बीबीला निरोप धाडला, की यंदा येऊ नका, पोरीची शाळा चालू आहे. स्थळ दादाने जमवलेलं; त्याला काय सांगितलं, तर बीबीकडचेच मागे सरले. काल संध्याकाळपर्यंत दादा तेच धरून बसला होता.

रीळ पोस्टाने मुंबईला गेलं आणि दीड महिन्याने परत आलं. मी स्टुडिओतून सिनेमा दाखवायचं मशीन मागून आणलं. भिंतीला धोतर टांगलं, खिडक्यांना घोंगड्या लावल्या. शेजारपाजारची वीसेक माणसं भर दुपारी घामाने निथळत बसली. आधी तुमची ती पुतळ्यांची रांग आली, सगळे हसले. मग चूल आली, बाज आली, आणि तुम्ही दोघी तोंडं हलवायला लागलात. आवाज नाही. नुसता मशीनचा खडखडाट.

मायने आधी मशीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग तुझ्याकडे. तुझं तोंड तर पाहण्यासारखं झालं होतं. मला कळेना आता काय होतं. इतक्यात दादाच म्हणाला, "काय भांडून राह्यल्या व तुमी दोघी?"

सगळं घर तुमच्याकडे बघत होतं. तुला बोलता आलं असतं. जबाब डबीत नव्हता तरी तोंडात होता. पण तू मायकडे पाहिलंस. मायचा चेहरा उतरला होता, पदर मुठीत गोळा झालेला. आणि तू ठणकावून म्हणालीस, "मी म्हनून राह्यली, चीक पातय नाई झाला!"

 मग मायचा आवाज आला, "झालाच होता पातय. तुह्या हातानं कधी घट्ट झाला?"

"मंग तुमीच घोटत होत्या न!"

लोक लोळायला लागले. दादा तर मांडीवर थापा मारत होता. मी मशीनमागे अंधारात उभी, हसावं की रडावं कळेना. तुम्ही दोघींनी मला वीस माणसांसमोर चिकात लपवून टाकलं होतं. पुढे तूच नियम केलास, "ज्याचं तोंड हालते त्यानं बोलावं." त्यानंतर जितकी रिळं निघाली, तितकी आपण अशीच पाहिली. ज्याचं तोंड हलेल तो बोलणार, आणि दर वेळी नवं बोलणार. कुरडयांचं भांडण तर दर उन्हाळ्यात लावावंच लागायचं. कधी तू चिकात मीठ विसरायचीस, कधी माय सोऱ्याची जाळी हरवायची. एकदा तर मायने सगळा दोष म्हशीला दिला. हसून हसून तुझ्या डोळ्यांतून पाणी यायचं, आणि मायच्याही. लग्नावरून भांडलेल्या सासूसुना त्याच भांडणावर दरवर्षी मांडीला मांडी लावून हसत होत्या. मला वाटतं मायने तुला माफ केलं ते असंच, आणि तू तिला.

आपलं भांडण मात्र मिटलं नाही. मी म्हणायचे, वहिनी, जसं आहे तसं राहू दे. मला घर जसं आहे तसं पाहिजे. आणि तू शेण काढायच्या आधी जरीचं लुगडं नेसणार, म्हशीला धुऊन घेणार, दादाला सांगणार, "फेटा बांधा, मालू आली." दळणाचं रीळ काढताना तू जात्याला हळदकुंकू वाहिलंस. मी चिडले, रोज वाहतेस का? तू म्हणालीस, "रोज कोन पाह्यते?" मी म्हणाले, खोटं दाखवायचं असेल तर कॅमेरा कशाला? तू म्हणालीस, "पाह्यनाऱ्याच्या कामी येत नाई ते खरं कोनाच्या उपेगाचं?" मी शाळामास्तरीण, मला उत्तर सुचलं नाही म्हणून मी तुला गप बसवलं. आजही सुचलेलं नाही.

एकदा तू कॅमेरा माझ्या हातातून ओढलास. "तू कधी येत नाई याच्यात," म्हणालीस. चावी भरलीस, आणि अर्धा मिनिट माझं नाक आणि तुझं बोट, एवढंच आलं. ते रीळ लावलं की तुझ्या बोटाचं बोलायला कुसुम पुढे यायची. माझी एवढीच हलती आठवण आहे, आणि ती तू काढलीस. त्याचं बरं वाटतं मला, फार बरं वाटतं.

माय गेल्यावर तू दोघींचं बोलायला लागलीस. मायचा तो घोगरा आवाज, ते "सुभद्रे" म्हणणं. पहिल्यांदा केलंस तेव्हा दादा उठून बाहेर गेला. दुसऱ्या वर्षी तोच म्हणाला, "मायचं बोल न." आणि या अकरा वर्षांत आपण दोघींनी, तू आणि मी, त्या खऱ्या बोलण्याबद्दल एक शब्द काढला नाही. मी तुला कधी म्हणाले नाही की मी सगळं ऐकलं होतं. अगं, ऐकणारच, चार हातांवर तर होते. पण म्हणाले नाही. तू माझ्यासाठी बोललीस, म्हणून मी शाळेत टिकले, म्हणून ही बाई झाले. हे तुला एकदा तोंडाने सांगायला काय झालं होतं मला? दर सुट्टीला वाटायचं, आता सांगू. मग तू म्हणायचीस, "जेवून घे आधी," आणि राहून जायचं.

तर काल संध्याकाळी पाहुणे गेले. धोतर टांगलं. दादा भिंतीला टेकून बसला, कुसुम माझ्याजवळ, मशीनपाशी. पुतळ्यांची रांग आली. तू आलीस, जरीचं लुगडं, पापणी न हलवता. कोणी हसलं नाही. मग चूल आली. मायचं तोंड हललं, कोणी बोललं नाही. तुझं तोंड हललं. तेव्हा कुसुमने सुरू केलं, "मी म्हनून राह्यली, चीक पातय..." आणि तिने गुडघ्यांत तोंड लपवलं.

मी मशीन बंद केलं. रीळ हाताने मागे घेतलं. दादा म्हणाला, "काऊन थांबवलं?"

मी म्हणाले, "दादा, यात चिकाचं काहीच नाही. तू वावरात होतास. मी इथे होते."

आणि पुन्हा लावलं, आणि मी बोलले. मायचं मायच्या जागी, तुझं तुझ्या जागी. पाठच होतं मला. आणि वहिनी, अकरा वर्षांत पहिल्यांदा शब्द ओठांवर बसले. चिकाचे शब्द कधी बसायचे नाहीत, त्याचीच तर मजा होती. "मी मेली का?" म्हणाले तेव्हा धोतरावर तुझे ओठ दोनदा मिटले, बरोबर तिथेच. खोलीत कोणाला विचारावं लागलं नाही की मी खरं बोलते आहे का. शेवटी तू कॅमेऱ्यात पाहिलंस, कपाळावर चीक, आणि मी सावकाश म्हणाले, "मर्जीबिगर तिचा पाट लागनार नाई. मी सुभद्रा सांगून राह्यली." चावी संपली. धोतर पांढरं झालं.

 दादाच्या पाठीमागे त्याचं ठरलेलं मोडलं गेलं, तेही त्याच्या बायकोने आणि आईने मिळून, आणि हे त्याला तुझ्या तेरवीला कळावं. तो ओरडेल असं वाटलं. तो धोतराकडेच बघत होता. मग म्हणाला, "अन् मी बीबीच्या लोकायशी सहा वर्ष बोललो नाई." आणि हसला. आधी नाकातून, मग पोट धरून. मग रडला. कुसुम त्याच्याजवळ जाऊन बसली. तिने कॉलेजचा शब्द काढला नाही, मीही नाही. तूच तेवढी त्या मुक्या धोतरावरून बोलून गेली होतीस, आणि कोणाच्या वतीने, हे त्याला कळण्याइतका तो शहाणा आहे. तुझाच नवरा आहे तो, जरा उशिराच कळतं त्याला.

आज सकाळी मी चिखलीला निघाले. दादा ओट्यावर चहा पीत होता. माझ्याकडे न बघता म्हणाला, "चिखलीले जाऊन राह्यली न? त्या लोकायले निरोप सांगजो. म्हन, वर्षात आमच्या घरी काई जमत नाई."

मी म्हणाले, "आणि मग?"

"मंग काय. वर्षाच्या आत नाई झालं तं तीन वर्ष थांबा लागते. रीतच हाय तशी. मी काय करू?"

कुसुम आत भांडी घासत होती. हातातली परात तिने कशी ठेवली ते मी इथे लिहीत नाही, पितळेला पोचा आला आहे. राखेच्या हातानेच फॉर्म घेऊन बाहेर आली, आणि दादाने खिशातून पेन काढून सहीच्या जागी सही केली, काही न विचारता.

बी.एस्सी. तीन वर्षांचीच असते, वहिनी. दादाने ते आधीच मोजून ठेवलं होतं का, मी विचारलं नाही. तू असतीस तर नक्की विचारलं असतंस, आणि सगळं घर पुन्हा भांडायला लागलं असतं. मला ते भांडण फार हवं होतं.